तोंडाकडे तोंड

मी जुनी आहे, हे मीच आधी सांगून टाकते. म्हणजे ते माझ्या तोंडावर सांगायचे श्रेय दुसऱ्या कोणाला मिळायला नको. मी कॅमेऱ्याची एक डबी आहे. आगपेटीहून जराशी मोठी, एका कोपऱ्यात चेपलेली, भिंगावर एक लांब चरा. कालव्याच्या पंपघरावर दोन खोल्या आहेत. त्यातल्या एका खोलीत, खिडकीजवळच्या फळीवर माझा मुक्काम असतो. शेजारी नव्या कॅमेऱ्यांची रांग आहे. ते सगळे चकचकीत, हलके आणि समोर बघणारे. मी एकटी वर बघते. पाहुणे येतात, मला उचलतात, आणि दर पाहुण्याला वाटते की हा शोध आपणच लावला: "ही उलटी बसवलीय वाटतं."

मित्रांनो, माझी गोष्ट आधी ऐका. मग मला उलटी म्हणायचे की सुलटी, ते तुमचे तुम्ही ठरवा.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथले सांगण्यासारखे काही नाही. पुष्कळ बहिणींबरोबर मी सरकत्या पट्ट्यावरून आले, कोणी माझ्यात भिंग बसवले, कोणी मला खोक्यात कोंबले, की झाले माझे बालपण. मी सायकलवाल्यांच्या हेल्मेटवर बसण्यासाठी बनले होते. खोक्यावर एक माणूस डोंगरावरून सायकलसकट उडी मारताना दाखवला होता. मला वाटले, आपलाही जन्म आता उड्या मारण्यात जाणार. पण कोणाच्या नशिबी डोके असते, कोणाच्या नशिबी मान. माझ्या वाट्याला मान आली, आणि तीही एका कोल्हिणीची.

मला विकत घेतले ते कोल्ह्यांचा अभ्यास करणाऱ्या एका मुलीने. तिला मी भाची म्हणते, कारण ती आत्याची भाची आहे, आणि माझ्या जन्मात आत्याहून मोठे माणूस कोणी आलेले नाही. भाचीने मला टेबलावर घेतले आणि बारीक पेचकसाने माझा चिमटा काढला, मागचा पडदा काढला, जाड कडा कानशीने घासली. दर वेळी ती मला तराजूवर ठेवी आणि मान हलवी. कोल्हीण म्हणजे काही हत्ती नव्हे. तिच्या मानेला जाणवेल इतके वजन तिच्या गळ्यात घालायचे नाही, हा भाचीचा हट्ट. माझा सगळा साज उतरला तेव्हा कुठे तिचे समाधान झाले. नवऱ्या मुलीला लोक नटवून पाठवतात. मला ओरबाडून पाठवले.

मग ती मला घेऊन आत्याकडे गेली.

बाजारामागच्या गल्लीत, किल्ल्या बनवणाऱ्याच्या आणि घड्याळवाल्याच्या मधे आत्याचे दुकान आहे. ते इतके अरुंद, की आत फक्त आत्या मावते, गिऱ्हाइकाने रस्त्यातच उभे राहायचे. पिशव्यांचे बंद, कमरेचे पट्टे, फाटलेल्या बॅगा, असे काहीही घेऊन या, आत्या शिवून देणार. तिच्या मांडीवर कायम चामडे टोचायची एक आरी आणि दोऱ्याचा गुंडा. दोरा ती मेणात घोळवते आणि मेणात थोडी चरबी मिसळते, म्हणजे तो चामड्यातून सुळकन जातो. तिने शिवलेले तिच्या हयातीत कधी उसवलेले नाही, असे ती स्वतःच सगळ्यांना सांगते.

"काय आणलंस?" आत्याने मान वर न करता विचारले.

"कोल्हिणीच्या गळ्यात घालायला पट्टा हवाय, आत्या. ही डबी त्यात शिवायची."

"लग्न ठरलंय का तिचं?"

"नीट ऐक ना गं."

"ऐकतेय. तुझ्या बापाचंही जन्मभर असंच ऐकत आले."

भाचीने सगळे समजावून सांगितले. पट्टा मऊ हवा, रुंद हवा, कडा आत वळवलेल्या हव्यात. आणि मधे एक सुती पट्टी हवी. ऊन, दव, पाणी लागून ती पट्टी कुजेल आणि पट्टा आपोआप गळून पडेल. जनावराच्या गळ्यात जन्मभराची बेडी घालायची नाही.

"म्हणजे तुटण्यासाठी शिवायचं?" आत्याने पहिल्यांदा मान वर केली.

"हो."

"असं गिऱ्हाईक पहिल्यांदा बघतेय. बाकीचे तुटलं म्हणून भांडायला येतात."

तेवढ्यात भाचीचा फोन वाजला. तिला पळायचे होते. जाता जाता ती म्हणाली, "आणि हे लक्षात ठेव, आत्या. डबीचं तोंड तोंडाकडे ठेव."

आता मित्रांनो, आपल्या भाषेत तोंड हा शब्द फार लबाड आहे. पिशवीला तोंड असते, बरणीला असते, बोगद्याला असते, गळवालासुद्धा असते. भाचीला म्हणायचे होते की कोल्हिणीचे तोंड ज्या दिशेला, त्या दिशेला माझे. आत्याने ऐकले ते असे, की माझे तोंड कोल्हिणीच्या तोंडाकडे. तिने त्याप्रमाणे चामड्याची एक पाचर कापली, माझ्याखाली सरकवली, मला वर कलती केली आणि दुहेरी टाक्यांनी घट्ट शिवून टाकले. कोणाचे चुकले यावर घरात अजून एकमत झालेले नाही, आणि ते होईल असे मला वाटतही नाही.

हे सगळे कशासाठी चालले होते, तेही सांगते. कालव्याच्या बांधावर कोल्ह्यांची बिळे आहेत. बांधाखाली बदकवाल्या काकांचे लांबलचक लाकडी खुराडे आहे. त्या वर्षी काकांच्या बदकांची पिल्ले नाहीशी होऊ लागली. आज एक, उद्या दोन. ना रक्त, ना पीस. काका काही दुष्ट माणूस नव्हेत. पिल्लू कमी भरले की त्यांना घास जात नसे. पण दुःखाला कोणीतरी चोर लागतो, आणि चोर म्हटले की कोल्हा, हे माणसाने केव्हाच ठरवून टाकलेले. काकांनी कालव्याच्या समितीकडे तक्रार केली. समितीने ठरवले, बांधावर मांसात विष घालून टाकायचे. विषाच्या पुड्या आल्याही, पंपघराच्या खालच्या कोठीत.

भाची अध्यक्षांपुढे जाऊन उभी राहिली. अध्यक्ष म्हणाले, "पुढच्या बैठकीपर्यंत थांबतो. तोपर्यंत कोल्ह्यानं पिल्लं खाल्ली नाहीत हे दाखवा. नाहीतर विष पडणार."

तेव्हा बांधावरच्या सगळ्या कोल्ह्यांचा जीव असा माझ्या पट्ट्याला लटकला होता. आणि मला खोक्यावरच्या त्या उडीची हौस.

एके दिवशी उजाडताना पिंजऱ्यात एक कोल्हीण सापडली. तिचा डावा कान अर्धा होता, म्हणून सगळे तिला कानतुटी म्हणत. जनावरांच्या डॉक्टरांनी तिला सुई टोचून झोपवले. भाचीने पट्टा तिच्या गळ्यात धरला. तिच्यावरचे साहेब, ज्यांना सगळे मोठे सर म्हणतात, तेही तिथे होते.

"हे काय?" सर म्हणाले. "भिंग हनुवटीकडे का बघतंय?"

भाचीने पट्टा उलटून पाहिला, सुलटून पाहिला. कसाही धरला तरी मी आपली वरच बघत होते.

"उसवून फिरवते," ती म्हणाली.

"आत्याबाईंचे टाके?" सर म्हणाले. "संध्याकाळ होईल."

"काय ते लवकर ठरवा," डॉक्टर म्हणाले. "ही आता जागी होईल."

भाचीने मला तशीच बांधली. पट्टा आणि मान यांच्यामध्ये दोन बोटे घालून फिरवून पाहिली, कानतुटीच्या कपाळावरून एकदा हात फिरवला आणि ती मागे सरली.

त्यानंतर दुकानापुढे जे भांडण झाले ते मी ऐकले नाही. पण दोघी ते आजही नव्याने भांडतात, म्हणून मला पाठ आहे.

"आत्या, तू ते उलटं शिवलंस."

"तूच म्हणालीस, तोंड तोंडाकडे."

"तोंडाच्या दिशेला म्हणायचं होतं मला."

"मग दिशा म्हणायचं. दिशा शब्द काय रेशनवर मिळतो? एवढी शिकलीस आणि तोंड म्हणतेस."

"आता मला नुसता जबडा दिसणार."

"दिसू दे. गावभर तोंडं बघत हिंडतेस, आणखी एक बघ."

मित्रांनो, माझी खरी उमेदीची वर्षे म्हणाल, तर ती वर्षे नव्हतीच. कानतुटीच्या हनुवटीखाली काढलेले ते थोडे दिवस, तेवढेच माझे आयुष्य. आधी तिला मी अजिबात आवडले नाही. तिने मागच्या पायाने मला खरवडले. भिंगावरचा हा चरा तिच्या नखाचा. मग तिला माझा विसर पडला. मान मिळवायला मला काही करावे लागले नाही, गप्प राहिले एवढेच.

अंधार पडला की मी मिटत असे. उजेड असेल आणि ती हलली, की मी उघडत असे. समोरचे जग मला कधी दिसलेच नाही. मला दिसे एक पांढुरकी हनुवटी, मिशांचे केस, त्यावर दवाचे थेंब, मागे आभाळाचा तुकडा. आणि त्या तोंडात जे जाईल ते. एखाद्याच्या तोंडाकडे असे दिवसचे दिवस बघत राहिले, की त्याच्याबद्दल ऐकलेल्या गोष्टींपैकी बऱ्याच गळून पडतात.

ती काय काय खायची म्हणून सांगू. टोळ खायची, काळे किडे खायची, झाडाखाली पडलेली फळे खायची. कालव्यात मरून वर आलेला मासा खायची. एकदा तिने कोणाची तरी चप्पल आणली, चघळली आणि टाकून दिली. कोल्हा काकडीला राजी, असे तुम्ही हिणवून म्हणता. अहो, राजी म्हणजे काय, खूश असतो. कानतुटी मळ्यात शिरे, काकडीचे टोक आधी चावून बघे, कडू लागले तर थुंकून दुसरी घेई. पाहुण्यांच्या घरी एवढी निवड तुम्ही केलीत तर तुमची आई डोळे वटारील.

आणि ती घुशी खायची. बांधात घुशींनी घरे केली होती, खुराड्याखाली केली होती. तिथे ती हालचाल न करता उभी राही. मला वाटे, झोपली की काय. मग एकदम उडी, आणि माझ्यापुढे घुशीचे शेपूट लोंबकळू लागे. खोक्यावरच्या त्या सायकलवाल्याने अशी उडी मारून दाखवावी.

आता पुढचे ऐका आणि मधे बोलू नका. तिने एक बदकही खाल्ले. पायात निळी कडी असलेले मोठे बदक, संध्याकाळी खुराड्याबाहेर राहिलेले. मी ते पाहिले. उजेडात मला डोळे मिटता येत नाहीत, आणि येत असते तरी मिटले नसते. बिळाच्या तोंडाशी तिची पिल्ले वाट बघत होती, आणि कोल्हिणीची पिल्ले आशीर्वादावर वाढत नाहीत. मी तिच्या वतीने माफी मागणार नाही. मला कोणी तसे सांगितलेले नाही, तिने तर नाहीच.

त्यानंतर एका संध्याकाळी ती खुराड्यामागे उभी होती. उजेड अजून होता. वरच्या कोपऱ्यात खुराड्याची हिरवी फळी मला दिसत होती. फळीखालून काहीतरी निघाले आणि कानतुटीने झेप घेतली. तिच्या दातांत एक दांडगी घूस आली. आणि घुशीच्या दातांत एक पिवळे पिल्लू होते, मेलेले, पाय लोंबत असलेले. घुशीने मरतानाही ते सोडले नव्हते. पिल्लू घुशीच्या तोंडात, घूस कानतुटीच्या तोंडात, आणि त्या दोन्ही तोंडांखाली मी.

समोर बघणाऱ्या एखाद्या शहाण्या कॅमेऱ्याला तेव्हा काय दिसले असते? गवत.

माझ्या पोटात चोर सापडला होता. पण मी होते कानतुटीच्या गळ्यात, आणि बैठक तोंडावर आली होती. ऊन कडक, पावसाचा पत्ता नाही, सुती पट्टी कुजायचे नाव घेईना. मोठे सर भाचीला म्हणाले, "पुन्हा पिंजरा लाव. पकडू, पट्टा काढू, सोडून देऊ."

"तिची पिल्लं दूध पितायत, सर. एकदा पिंजऱ्यात गेलेली आहे. पुन्हा अडकली तर घाबरून बीळ सोडेल, पिल्लं तिथंच राहतील."

"आणि विष पडलं तर पिल्लं वाचणार आहेत?"

पिंजरा लावावा तरी पिल्ले जायची, न लावावा तरी जायची. ती उठली आणि आत्याच्या दुकानापुढे जाऊन उभी राहिली.

"आत्या, ती सुती पट्टी तू कशी शिवलीस?"

"चांगली शिवलीय. घाबरू नकोस."

"नुसती सुती ठेवलीस ना?"

आत्याने आरी खाली ठेवली. "नुसती कशी ठेवीन? फारच मऊ होती. वरून मेणाच्या दोऱ्याचे चार टाके घातले."

"अगं, ती कुजायला हवी होती."

"मला वाटलं, तू उगाच म्हणतेस. तुटेल असं काम माझ्या हातून होत नाही, पोरी. हात ऐकत नाही."

भाची भांडली असती तर आत्याने चार शब्द परत दिले असते आणि दोघींना बरे वाटले असते. पण ती तशीच वळून निघून गेली, आणि आत्याने त्या दिवशी दुकानाची फळी लवकर लावली. किल्लीवाल्याने विचारले, "बरं नाही का?" तर म्हणाली, "बरी आहे. तू तुझ्या किल्ल्या घास."

पण आत्याच्या मेणातली चरबी माणसांना आठवली नाही तरी कोल्ह्याच्या पोरांना तिचा वास आला. सुरुवातीला पिल्ले आईचे तोंड चाटता चाटता मलाही चाटत. दात आले तशी ती पट्ट्यावर वळली. बिळाच्या तोंडाशी कानतुटी आडवी पडलेली असे आणि ही कार्टी आत्याचे टाके चोखत, चावत, ओढत. एक तर मागचे पाय जमिनीत रोवून गुरगुरत असे. नुसते सूत असते तर त्यांनी त्याला हुंगलेही नसते. एका सकाळी टाके तुटले, पट्टी फाटली आणि मी मातीत पडले. पिल्लांनी मला थोडे इकडेतिकडे लोळवले आणि त्यांचा रस संपला.

माझ्या पट्ट्यात खुणेचा आवाज पाठवणारे एक छोटे यंत्र होते. त्या आवाजाच्या मागाने भाची आली. कानतुटी बाहेर जाईपर्यंत ती लांब गवतात पालथी पडून राहिली, मग सरपटत येऊन मला उचलून घेऊन गेली. बैठक दुसऱ्या दिवशीच होती.

पंपघरावरच्या खोलीत दोघांनी माझ्या पोटातले सगळे पडद्यावर पाहिले. मोठे सर सुरुवातीला हसत होते. "दंतवैद्याला दाखव हे," म्हणाले. मग घूस आली, पिल्लू आले, आणि ते खुर्चीतून पुढे सरकले. "सापडलं," ते म्हणाले. "वाचले कोल्हे."

"त्याआधी बदक पण आहे, सर."

"ते काढून टाक."

"का?"

"अगं, एकच तर आहे. पण तेवढंच बघतील ती माणसं. बाकीचं कोण बघतंय?"

भाचीचे बोट बटणावर होते. मी टेबलावर होते, बॅटरी काढलेली, बोलायची सोय नसलेली. मी काय म्हणाले असते ते सांगते. बाई गं, मी सुंदर नाही, सरळ नाही. मी एकच गोष्ट करते, जे दिसते ते ठेवते. तेही काढून घेतलेस तर मी उरले काय? आगपेटी.

भाचीने बोट उचलले. "सर, एक तुकडा काढला की उरलेलं सगळं माझं होतं. मी सांगते म्हणून खरं मानायचं. काही काढलं नाही तर ते कानतुटीचं राहतं."

"तोंडघशी पडशील."

"पडू दे."

"मग माझ्याकडे येऊ नकोस," सर म्हणाले. पण बैठकीला ते सगळ्यांच्या आधी येऊन बसले होते.

समितीची खोली लांबट होती. पत्र्याच्या खुर्च्या, पाण्याचा जार, कुरकुरणारा पंखा. भिंतीवरचे कॅलेंडर काढून तिथे चित्र पाडले. कॅलेंडरचा खिळा तसाच राहिला, तो नेमका कानतुटीच्या जबड्यात येऊन एखाद्या जादा दातासारखा दिसत होता. मला भाचीने टेबलावर पट्ट्यासकट ठेवले. आत्या न बोलावता आली आणि पहिल्या रांगेत बसली.

काकडीला सगळे हसले. चपलेला तर फारच हसले, एकाने ती ओळखलीसुद्धा. मग बदक आले. कोणी हसेना. बदकवाले काका उठून उभे राहिले.

"हे माझं. निळी कडी. माझंच आहे."

"झालं मग," अध्यक्ष म्हणाले. "आता ठरलं. दिवा लावा कोणीतरी."

"पुढे बघायचं राहिलंय," भाची म्हणाली.

"अजून काय बघायचं? खाल्लं की नाही?"

"खाल्लं. मी ते लपवलेलं नाही. पण पुढचं बघा."

"वेळ नाही आम्हाला."

"थांबा," काका म्हणाले. "बदक माझं गेलंय, तुमचं नाही. मला बघू द्या."

दिवा कोणी लावला नाही. भिंतीवर घूस आली. भाचीने चित्र थांबवले. काका चालत भिंतीपर्यंत गेले, इतके जवळ की त्यांची सावली चित्रावर पडली. ते बाजूला झाले. त्यांनी बोट लावले ते त्या दोन लोंबत्या पायांवर.

"हे माझं पिल्लू. आणि ही वरची माझी फळी. मागची. मीच रंगवलेली."

अध्यक्षांनी घसा साफ केला. "कशावरून? पिल्लू कोल्हिणीनं मारलं नसेल कशावरून?"

"अहो, पिल्लू घुशीच्या दातात आहे," काका म्हणाले. "कोल्हीण काय आधी पिल्लू मारून मग घुशीला घास भरवायला गेली होती?"

मागून कोणीतरी खुसखुसले. अध्यक्ष म्हणाले, "चित्रात काय, वाटेल ते दाखवता येतं हल्ली."

तेव्हा आत्या बोलली. "वाटेल ते दाखवायचं असतं तर बदक कशाला दाखवलं असतं? जी डबी खाल्लेलं बदक लपवत नाही, ती पिल्लाबद्दल कशाला खोटं बोलेल?"

"तुम्ही कोण?"

"जिनं ती उलटी शिवली, ती."

काका अजून भिंतीपाशीच उभे होते. सगळे त्यांच्याकडे बघत होते, कारण तक्रार त्यांची होती. मग ते म्हणाले, "विष नको. घुशी खाणारी मेली तर माझं एक पिल्लू राहणार नाही. पण बदक खाल्लंय तिनं, हे मी विसरणार नाही. उद्या सकाळी सगळ्यांनी फळ्या ठोकायला यायचं. खुराड्याचा तळ नवा घालायचा. अध्यक्षांनीसुद्धा."

विषाच्या पुड्या जशा आल्या तशा परत गेल्या. अध्यक्ष फळ्या ठोकायला आले, हातोडा मात्र त्यांनी दुसऱ्याच्या हाती दिला. तळ नवा झाला आणि पिल्ले टिकू लागली. काका अजून कानतुटी दिसली की काठी उगारतात आणि ती अजून त्यांच्याकडे ढुंकून बघत नाही. दोघांचे जमले असे मी म्हणणार नाही. दोघे आपापल्या जागी जिवंत आहेत, तेवढे मला पुरते.

मग माझे दिवस पालटले, आधी चांगले आणि मग जसे पालटतात तसे. वर्तमानपत्रात कानतुटीची हनुवटी छापून आली. लांबून लांबून अभ्यासक आले, मला हातात घेऊन फोटो काढून गेले. काहींनी आपापल्या जनावरांसाठी हनुवटीकडे बघणारे पट्टे मुद्दाम शिवून घेतले. मग नवे कॅमेरे आले. माझी बॅटरी कोणीतरी भिंतीवरच्या घड्याळाला लावली. कारकुनाने मला कागद उडू नयेत म्हणून वापरले. एकदा प्रदर्शनासाठी मला न्यायचे ठरले, तर मांडणी करणारे गृहस्थ म्हणाले, "हिचं भिंग सरळ करून घेऊ, लोकांचा गोंधळ होतो." मी प्रदर्शनाला गेले नाही. भाचीने पाठवलेच नाही. माझी धूळ भाची पुसते, तीही मऊ कापडाने. बाकीचे बाहीने पुसतात, तेव्हा चरे आणखी वाढतात, हे त्यांना कोण सांगणार?

आत्या अजून पट्टे शिवते. सुती पट्टीवर आता ती एकही जादा टाका घालत नाही. "नासकं काम करून घेता माझ्याकडून," असे म्हणत, दात-ओठ खात, पण घालत नाही.

मित्रांनो, मला तुमची कीव नको. जुन्या वस्तूंची गोष्ट ऐकून सुस्कारा टाकायची तुम्हाला सवय असते, तो सुस्कारा जपून ठेवा. मला दुसरे काही हवे आहे. कोणाच्या गळ्यात काही बांधाल तर ते सुटेल कसे, याचा विचार आधी करा, गाठ मग मारा. कोणाला चोर ठरवाल तर त्याचे तोंड एकदा नीट, जवळून बघा. आणि जे दिसेल ते सगळे सांगा. आपल्या माणसाच्या विरुद्ध जाणारा तुकडा कात्रीने काढून टाकू नका. तो तुकडा दाखवायला धीर लागतो, हे मी पाहिले आहे.

आता दिवस कलला आहे. बांधावर त्यांचे सुरू झाले आहे. आधी एक ओरडते, मग दुसरी, मग त्यांची सगळी पिलावळ. कारकून उठलाय. तो म्हणतोय, "झाली सुरू कोल्हेकुई," आणि खिडकी लावायला निघालाय. तुमच्यापैकी कोणी खिडकीजवळ असेल तर त्याला अडवा. कानतुटी ओरडतेय, कारण ती जिवंत आहे. हा आवाज मी कोणाच्या पाया पडून मागून आणलेला नाही. बदकासकट सगळे भरसभेत दाखवून आणला आहे. खिडकी उघडी राहू द्या.